मालकाचं नाव

चिखलीला जीपांच्या स्टँडसमोर पुष्पाबाईचं रेडियम कटिंगचं दुकान होतं. रेडियम म्हणजे तो चमकणारा, मागून चिकटणारा कागद. त्यातून मशीननं अक्षरं कापायची आणि कोणाच्या नंबरप्लेटवर, कोणाच्या जीपच्या काचेवर, कोणाच्या दुकानाच्या पाटीवर डकवून द्यायची, हा धंदा. मशीन चांगलं होतं. पण ते ज्या कॉम्प्युटरला जोडलेलं होतं, तो असा जुनाट, की बटण दाबल्यावर आधी खोकणार, मग कण्हणार, मग बराच वेळ गप्प बसणार, आणि तेव्हा कुठं पडद्यावर उजेड येणार. तेवढ्यात पुष्पाबाईचं झाडून व्हायचं, बाहेर पाणी शिंपडून व्हायचं, भिंतीवरच्या गणपतीला उदबत्ती ओवाळून व्हायची. वळून बघावं तर प्रोग्राम उघडून तयार. रोज असंच. यात काही वावगं आहे असं तिला कधी वाटलं नाही, आणि वाटावं तरी का? चूल पेटली तर ती का पेटली म्हणून कोणी विचारतं का?

दुकान खरं तिच्या नवऱ्याचं. उकंडराव पेंटर. आता माणसाचं असं नाव काऊन, तर ऐका. रुखमाबाईला, म्हणजे पुष्पाबाईच्या सासूला, आधीची लेकरं लाभली नाहीत. पाळण्यात घातली की जायची. मग हा झाला तेव्हा तिनं त्याला नेऊन उकिरड्यावर टाकला. शेजारणीनं उचलला, ‘मले पोरगं सापडलं’ म्हणून ओरडली, आणि परत रुखमाबाईच्याच ओटीत घातला. टाकून दिलेल्या लेकराला मरण हात लावत नाही, असं आपल्याकडं सांगतात. म्हणून नाव उकंडा. मरणानं खरंच पुष्कळ वर्षं त्याच्याकडं पाहिलं नाही. मग गेल्या पावसाळ्यात कावीळ झाली, आज बरं वाटेल, उद्या बरं वाटेल करता करता वाढली, आणि झालं.

पुष्पाबाईनं या माणसाचं नाव लग्नात बायांनी दार अडवलं तेव्हा उखाण्यात घेतलं असेल तेवढंच. पुढं नाही. खानेसुमारीचा मास्तर आला तर ती आतून सासूला म्हणायची, “आत्याबाई, तुमी सांगा.” दवाखान्यात चिठ्ठी काढायला गेली तर शेजारणीला सोबत नेई. लोक हसत, ही हसणाऱ्यांवर खवळे, पण नाव काही तोंडातून निघत नसे. तो तरी काय शहाणा होता? त्यानंही कधी तिला नावानं हाक मारली नाही. आधी “अवो”, आणि पोरगी झाल्यावर “आशाची माय”. संसार सुखाचा झाला, ही गोष्ट निराळी.

तर उकंडराव गेला आणि धंद्याला ओहोटी लागली. त्याचा तो जुना प्रोग्राम फक्त इंग्रजी जाणणारा. मराठी अक्षर लागलं तर उकंडराव ते स्वतः कागदावर काढायचा आणि मशीनला शिकवायचा. त्याच्या हातचे ‘आईचा आशीर्वाद’ आणि ‘चिखली-मेहकर’ कॉम्प्युटरात होते, ते पुष्पाबाई कापून देई. पण नवं काही मागितलं की संपलं. वरवट बकालचा एक ट्रॅक्टरवाला इतक्या लांबून आला, त्याला गावाचं नाव मराठीत पाहिजे होतं. पुष्पाबाईनं त्याला चहा पाजला, पाटी काही देता आली नाही. तो समोर नव्यानं निघालेल्या अशाच दुकानात गेला. ती बघत राहिली. त्या दिवशी तिनं अकोल्याच्या रमाकांतला निरोप धाडला.

रमाकांत कॉम्प्युटर बसवून देणारा. उकंडरावाला हा कॉम्प्युटर त्यानंच जुन्यात मिळवून दिलेला. बोलणं पुण्याचं शिकून आलेला, पण माणूस वाईट नव्हे. सकाळी पहिल्या एसटीनं आला, टेबलावर तीन सीड्या मांडल्या आणि भाजीवाल्यासारखं एकेकीचं गुणगान करू लागला.

“वहिनी, हा पहिला. राजा आहे राजा. रंग, सावल्या, सगळं येतं. पण त्याला नवा कॉम्प्युटर लागेल.”

“मंग त्याले काय माह्या डोक्यावर चालवू? पुढचा सांगा.”

“हा दुसरा. तुमच्या या डब्यावर मजेत चालेल. फक्त मराठी जरा... वेलांट्या थोड्या सरकतात.”

“सरकतात म्हंजे?”

“म्हणजे ‘किराणा’ लिहिलं तर वेलांटी ‘क’ सोडून ‘रा’वर जाऊन बसते.”

“तुमच्या घरच्या पाटीवर लावा मंग. लोक जोडे मारतीन मले. तिसरा?”

रमाकांत हसला. तिसरा कोण्या मास्तरानं घरी बसून केलेला, साधा, दिसायला गरीब, पण मराठी चोख आणि अंगानं हलका. जुन्या कॉम्प्युटरवर चालणारा. “एकच भानगड आहे,” तो म्हणाला. “जागा. यात जुना प्रोग्राम बसलाय तोवर नवा मावणार नाही. जुना काढावा लागेल. चालू करून बघतो किती जागा आहे ते.”

“बघा,” म्हणून पुष्पाबाई समोरच्या टपरीवर चहा सांगायला गेली. परत आली तर रमाकांत पडद्याकडं बघत बसलेला.

“वहिनी, नाव टाका.”

“कशाचं नाव?”

“हे काय, ‘मालकाचं नाव’ विचारतंय ना इंग्रजीत. उकंडभाऊंच्या नावावर घेतलाय. त्यांचं नाव टाकल्याशिवाय उघडत नाही.”

“मले तं कधीच नाई विचारत,” पुष्पाबाई म्हणाली.

“रोज विचारतं वहिनी. चोरी होऊ नये म्हणून केलंय तसं. मीच बसवलाय, मला ठाऊक नाही का?”

“आन् मी रोज चालवते, मले ठाऊक नाई का? बटन दाबते, उदबत्ती लावते, उघडून जाते.”

रमाकांतनं वाद घातला नाही. कॉम्प्युटर बंद केला, खुर्ची सोडून उभा राहिला. “दाबा बरं तुम्ही.”

तिनं बटण दाबलं. खोकला, कण्हणं, सगळं झालं. ती सवयीनं उदबत्तीच्या पुड्याकडं निघाली तर तो म्हणाला, “आज इथंच बसा.” ती बसली. पडद्यावर चौकट आली. खरंच आली! कोरी, आत एक बारकी रेघ लुकलुकत असलेली. म्हणजे ही रोज येत होती आणि आपण पाठ करून उभ्या होतो, हे तिला आता कळलं. दोघांचे हात रिकामे. चहावाला कप ठेवून गेला तिकडं कोणाचं लक्ष नव्हतं.

चौकटीत ‘यू’ उमटला.

जरा वेळानं ‘के’. मग पुन्हा जरा वेळ. एका बोटानं शोधून शोधून टाकावं तशी अक्षरं येत होती. रमाकांतनं कीबोर्ड उचलून हलवला, उलटा केला, झटकला. “बटण अडकलं असेल,” असं तो म्हणाला, पण ते त्याचं त्यालाच पटलेलं नव्हतं. मग त्यानं कीबोर्डची वायरच मागून उपटली. हातात वायर लोंबत होती, आणि पडद्यावर पुढचं अक्षर आलं. आणि त्याच्या पुढचं.

शेवटचं अक्षर राहिलं तेव्हा सगळं थांबलं. इतका वेळ थांबलं की रमाकांतला वाटलं सुटलो. पुष्पाबाईनं मात्र तिथंच ओळखलं. पाट्या रंगवताना उकंडराव शेवटचं अक्षर सोडून शिडीवरून उतरायचा, रस्त्याच्या पलीकडं जायचा, मान वाकडी करून पाटी निरखायचा आणि मगच येऊन ते अक्षर घालायचा. कॉम्प्युटरवर बसला तरी तीच खोड. पाटीच्या कोपऱ्यात आपलं नाव टाकतानाही शेवटच्या अक्षराआधी खुर्चीत मागं रेलून बघायचा. ती त्याला हसायची, “नाव पळून चाल्लं का तुमचं?”

शेवटचं अक्षर आलं. प्रोग्राम उघडला.

“आशाचे बाबा,” पुष्पाबाई म्हणाली. दुसरं काही तिला सुचलं नाही.

रमाकांतनं चहा घेतला नाही. सीड्या गोळा करताना एक खाली पडली ती त्यानं दोनदा उचलली. “वहिनी, तिसरा घ्या. उद्या येतो, जुना काढून टाकतो. हे... हे ठेवण्यातलं नाही,” एवढं बोलला आणि उन्हात जाऊन उभा राहिला.

पुष्पाबाई दिवसभर तिथंच बसून होती. भीती वाटत होती का? वाटत होती, खोटं कशाला बोला. पण त्या भीतीच्या खाली दुसरंच काही होतं, आणि ते तिला सुखाचं वाटत होतं, म्हणून तिला स्वतःचीच लाज वाटली. इतके महिने आपण एकट्या आहोत म्हणून रडलो. आणि हा माणूस रोज सकाळी आपल्याआधी दुकानात. नवा प्रोग्राम घेतला नाही तर दुकान बुडतं, हे सूर्यप्रकाशाइतकं स्वच्छ होतं. आणि जुना काढला तर? तर हा कुठं जाईल? त्याला बसायला जागा राहील का? तिला तो जायला नको होता. एवढंच होतं, आणि तेच सगळं होतं.

संध्याकाळी घरी रुखमाबाई मेथी निवडत बसली होती. पुष्पाबाईनं पुढ्यात बसून सगळं सांगितलं. म्हातारी ऐकत होती, हात चालू होते. ऐकून झाल्यावर म्हणाली, “काढून टाक.”

“तुमचाच लेक ना तो, आत्याबाई?”

“म्हनूनच सांगून राह्यली. म्या त्याले एकडाव मरनाच्या हातून चोरला. तेवढं पुरे झालं. पुन्यांदा नाई चोरू.” मग तिनं जुडी बाजूला ठेवली. “आन् तुले एक सांगू? तो काऊन येऊन राह्यला, माहीत हाये का? तुह्या तोंडून त्याचं नाव निघत नाई म्हनून. बायकोची अडचन नोको म्हनून बिचारा रोज येऊन सोताचं नाव टाकते. जितेपनी शिडीवर, मेल्यावर तुह्या दुकानात. त्याले सुटी हाये का नाई व पोरी?”

हे पुष्पाबाईला लागलं. वर्मी लागलं. रात्रभर तिनं तोंडातल्या तोंडात ते नाव म्हणून बघितलं, पण पहिल्या अक्षरापुढं जीभ हलेना, मग टाकायला बोट तरी कसं हलणार? म्हणजे उद्याही त्यालाच यावं लागणार. परवाही. सकाळी तिनं म्हातारीला सांगितलं, “काढते.”

रमाकांत आला, पण खुर्चीवर बसला नाही. उभ्यानंच एका हातानं काय ते दाबलं. पडद्यावर एक पट्टी आली आणि हळूहळू भरू लागली. जुना पुसला जात होता. पट्टी अर्धी भरली तेव्हा पुष्पाबाई एकदम उठली. “थांबवा, भाऊ! नाई काढायचा मले, थांबवा!”

“आता थांबत नाही, वहिनी,” रमाकांत म्हणाला, आणि त्याला स्वतःलाच वाईट वाटलेलं दिसलं. ती खाली बसली आणि गिऱ्हाइकांसमोर, जीपवाल्यांसमोर, भोकाड पसरून रडली. तेराव्यालाही ती एवढी रडली नव्हती. रडू द्यावं माणसाला. त्यात काय लाजायचं?

मग नवा बसला. त्यानंही चौकट दाखवली, पण स्वच्छ मराठीत. ‘मालकाचं नाव’. रमाकांतनं तिच्याकडं बघितलं. “आता मालक तुम्ही. हे रोज विचारेल, तर तुम्हाला टाकता येईल असंच टाका.” त्यानं कीबोर्डवर मराठी अक्षरांच्या चिकट्या लावून दिल्या होत्या. तिनं शोधून शोधून टाकलं, ‘पुष्पा’. कोणत्याही पाटीवर नसलेलं नाव. दिवसभर मशीन चाललं. चोख अक्षरं पडली. एका जीपवाल्यानं काचेला ‘मोताळा’ लावून घेतलं, म्हणाला, मावशी, झकास. तिची आशा मोताळ्याला दिलेली, आणि दिवाळीला बाळंतपणाला येणार होती. त्या विचारानं पुष्पाबाईला पुष्कळ दिवसांनी भूक लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी नव्याची पूजा म्हणून रुखमाबाई नारळ घेऊन सोबत आली. दुकान झाडून झालं. पुष्पाबाईनं बटण दाबलं आणि उदबत्तीकडं गेली नाही. खुर्ची ओढून पडद्यासमोर बसली. म्हातारी मागं उभी.

चौकट आली. कोरी. रेघ लुकलुकत राहिली.

काहीच झालं नाही. बाहेर जीपवाले “मेहकर, मेहकर” ओरडत होते. पुष्पाबाई बघत राहिली, बघत राहिली. गेला. सुटला बिचारा. चांगलंच झालं म्हणायचं. तिनं डोळे पुसले आणि स्वतःचं नाव टाकायला बोट पुढं केलं.

बोट टेकायच्या आधी चौकटीत ‘ट’ आला.

आला आणि पुसला गेला. मग ‘न’ आला. तोही पुसला गेला. मग एक काना नुसताच, कोणत्याही अक्षराविना. पुसला. पुष्पाबाईनं हात मागं घेतला. उकंडरावाला कीबोर्डवर येत होती ती फक्त इंग्रजी बटणं. हे मराठी कुठं काय आहे, ते त्याला कोण सांगणार? तो शोधत होता. चुकत होता, खोडत होता, पुन्हा शोधत होता. असा तो कधीच कोणत्या पाटीवर चुकला नव्हता. तिला वाटलं, हात धरावा आणि दाखवावं, इथं आहे, हे बघा, इथं. पण धरायला हात कुठं होता?

‘पु’ उमटला. पुसला गेला नाही.

“काय लिहून राह्यलं ते?” रुखमाबाईनं विचारलं. तिला वाचता येत नव्हतं, पण अक्षर आपोआप येताना तिलाही दिसत होतं. “त्याचं नाव टाकून राह्यला का?”

पुन्हा दोन-तीन चुका झाल्या. मग पुढचं जोडाक्षर सापडलं, त्याला काना लागला, आणि नाव पुरं झालं.

“नाई, आत्याबाई,” ती म्हणाली. “माह्यं.”

म्हातारीच्या हातातला नारळ टेबलावर पडला. तिनं एका हातानं सुनेचा खांदा धरला आणि दुसरा पंजा सरळ तिच्या तोंडावर दाबला. “ओ नोको देऊ! माय म्हन्ते तुले, ओ नोको देऊ! गेलेल्यानं नाव घेतलं तं मानसानं ओ नाई देवाची. ज्यानं ओ देल्ली तो त्याच्या मांगं जाते. माह्या लेकाले म्या वळखते पोरी, तो वाईट नाई, पन तो आता आपला नाई राह्यला. आयकून राह्यली का? उठ. बाहेर चाल.”

पुष्पाबाईला सगळं ऐकू येत होतं. सासूच्या हाताला नारळाच्या शेंडीचा वास होता. बाहेर ऊन होतं, माणसं होती, मोताळ्याची जीप भरत आली होती, आणि भीती तर होतीच. उठायला पाहिजे, हे तिला चांगलं कळत होतं. पण चौकटीत तिचं नाव होतं, आणि ते त्यानं टाकलं होतं. “अवो” नाही, “आशाची माय” नाही. अख्ख्या संसारात जे ऐकायला मिळालं नाही, ते हा माणूस एवढं शोधून, चुकून, खोडून, तिच्यासाठी म्हणाला होता. ते ऐकून गप्प बसायचं? कोणती बाई बसेल?

तिनं म्हातारीचा पंजा हळूच, जपून, तोंडावरून बाजूला केला.

“ओ,” पुष्पाबाई म्हणाली. “आली.”